पटवारी, देशपांडे की जिंतूरकर : एका घराची तीन आडनावे

दुधनाकाठ यांचा प्रश्न

सर्वांना नमस्कार. आमचे मूळ घर परभणी जिल्ह्यातले, सेलू परिसरातले. वडिलोपार्जित शेतीच्या वाटणीसाठी जुनी कागदपत्रे एकत्र केली, तेव्हा घरात कोणालाच नीट न उलगडलेली एक गोष्ट समोर आली. निजामकाळातील एका उर्दू विक्रीखतात पणजोबांच्या नावापुढे ‘पटवारी’ असे आहे. आजोबांच्या शाळेच्या प्रवेश-निर्गम उताऱ्यात ‘देशपांडे’ आहे आणि तेच आडनाव आम्ही आजपर्यंत लावत आलो. आजोबांचे धाकटे बंधू मात्र नोकरीनिमित्त पुण्यास गेले आणि त्यांची मुले-नातवंडे स्वतःला ‘जिंतूरकर’ म्हणवतात. याहून जुना एक कागद आहे, त्यात तर आडनावच नाही. फक्त ‘अमुक वल्द तमुक’ एवढेच लिहिलेले आहे.

दोन्ही शाखांचे कुलदैवत एक, गोत्र एक, शेताच्या चतुःसीमाही जुळतात. त्यामुळे आपण एकाच घरचे आहोत याविषयी कोणालाही शंका नाही. वाद आहे तो यातले ‘खरे’ आडनाव कोणते याचा. पुण्याच्या शाखेचे म्हणणे असे की देशपांडे हा हुद्दा आहे, आडनाव नव्हे, त्यामुळे गावाचे नाव हेच मूळ. आमच्या काकांचे म्हणणे नेमके उलटे. ते तर आडनावावरून आपले पूर्वज कोणत्या राजवटीत कोणत्या पदावर होते याची वंशावळ मांडू लागले आहेत, आणि तिच्यात दर आठवड्याला एखादा नवा राजा दाखल होतो.

त्यातच भाचीला नुकतीच मुलगी झाली असून तिच्या नावात आता आईचे नावही लिहावे लागणार आहे. ‘आडनाव तरी ठेवायचे कशाला’ असा भाचीचा सवाल आहे आणि त्यावर उत्तर द्यायला घरातील एकही वडीलधारा पुढे आलेला नाही. आडनावे कशी घडली, इतरत्र काय पद्धती आहेत आणि आमच्या कागदांचा अर्थ कसा लावावा, यावर जाणकारांनी सविस्तर लिहावे ही विनंती.

जुनी दप्तरे यांचे उत्तर

दुधनाकाठ, आपल्या घराची तिन्ही आडनावे खरीच आहेत. प्रत्येक वेळी ‘तुम्ही कोण’ असे विचारणारा वेगळा होता आणि त्याला उपयोगी पडेल असे उत्तर कागदावर उतरले, एवढाच त्यांतला फरक आहे. पटवारी हे महसूल खात्याला दिलेले उत्तर, देशपांडे हे शाळामास्तरांना दिलेले, आणि जिंतूरकर हे परक्या शहरातील शेजाऱ्यांना.

प्रथम पदांविषयी. देशमुख आणि देशपांडे ही परगण्याच्या पातळीवरील वतने होती. देशमुखाकडे परगण्याचे प्रमुखपण आणि देशपांड्याकडे परगण्याचे हिशेब. गावपातळीवर त्याच स्वरूपाची कामे पाटील आणि कुलकर्णी पाहत. हैदराबाद संस्थानात गावच्या हिशेबनिसाला सरकारी भाषेत पटवारी म्हणत. पश्चिम महाराष्ट्रात जिथे कुलकर्णी हा शब्द येतो तिथे आपल्याकडील कागदात बहुधा पटवारी सापडतो. पाटीलही एकच नसे. वसुली पाहणारा माली पाटील आणि बंदोबस्त पाहणारा पोलीस पाटील अशी विभागणी होती. उदगीर-निलंग्याकडे ‘मालीपाटील’ हे आडनाव ऐकून अनेकांना फुलांचे मळे आठवतात, पण तिथला ‘माल’ हा जमीनमहसूल आहे, बागेशी त्याचा संबंध नाही.

एकाच घराण्याकडे परगण्याचे देशपांडेपण आणि त्यातील काही गावांचे पटवारीपण असणे अगदी स्वाभाविक होते. हैदराबादचे दिवाण सालारजंग (पहिले) यांच्या काळात १८६५ च्या सुमारास जिल्हाबंदी, म्हणजे संस्थानाची जिल्ह्यांत आखणी, झाली, वसुली पगारी अंमलदारांकडे गेली आणि देशमुख-देशपांड्यांना कामाऐवजी रुसूम म्हणून रोख रक्कम मिळू लागली. काम गेले, मान राहिला. गावचे पटवारीपण मात्र त्यानंतरही बराच काळ चालू होते. म्हणून पणजोबा व्यवहाराच्या कागदावर आपल्या चालू कामाने ओळखले गेले असावेत, आणि मुलाला शाळेत घालताना घराण्याचा थोरला मान सांगितला गेला असावा. माणसाचा हा स्वभाव दप्तर चाळणाऱ्याला पदोपदी दिसतो.

हुद्द्याचे आडनाव होण्यात एक अडचण असते: हुद्दे थोडे आणि माणसे फार. प्रत्येक गावाला पाटील असल्यामुळे नुसत्या ‘पाटील’ या शब्दाने गावाबाहेर कोणाचीच ओळख पटत नाही. म्हणून शिवराज पाटील चाकूरकर, शिवाजीराव पाटील निलंगेकर अशी दुहेरी नावे लातूर जिल्ह्यात रूढ झाली. ‘कर’ लावण्याचा नियमही यातूनच समजतो. जिंतुरात राहणाऱ्याला कोणी जिंतूरकर म्हणत नाही, कारण तिथे सगळेच जिंतूरकर असतात. गाव सोडले की गाव नावाला चिकटते. तेव्हा आपल्या पुण्याच्या शाखेचे आडनाव दोन प्रकारे आलेले असू शकते. एक तर आपला कोणी पूर्वज पूर्वी जिंतूरहून सेलूकडे आला असेल, किंवा पुण्यात छोट्या खेड्याचे नाव सांगून कोणालाच कळत नाही म्हणून जवळच्या मोठ्या गावाचे नाव घेतले गेले असेल. दोन्ही प्रकार मी कागदोपत्री पाहिले आहेत. मात्र कोणत्याही प्रकारात ते देशपांड्यांपेक्षा ‘मूळ’ ठरत नाही.

‘वल्द’ म्हणजे अमक्याचा मुलगा. मराठवाड्यातील जुन्या नोंदींत ‘गणपती वल्द मारोती’ अशी नावे भरलेली असतात आणि आडनावाची जागा मोकळी असते, किंवा तिथे जात अथवा धंदा लिहिलेला असतो. ज्यांच्याकडे वतन नव्हते अशा असंख्य घरांना लेखी आडनाव प्रथम मिळाले ते शाळेच्या दाखलखारजात, म्हणजे प्रवेश-निर्गम नोंदवहीत, आणि ते देणारे बहुतेक वेळा गुरुजीच होते. हे केवळ आपल्याकडेच घडले असेही नाही. नेदरलँड्समध्ये नेपोलियनच्या अमलात १८११ साली सर्वांना आडनाव नोंदवण्याची सक्ती झाली. फिलिपिन्समध्ये गव्हर्नर क्लाव्हेरिया यांनी १८४९ साली आडनावांची यादीच छापून गावोगाव धाडली, त्यामुळे तिथल्या काही गावांत बहुतेक आडनावे एकाच अक्षराने सुरू होतात. जपानमध्ये १८७५ साली सामान्य प्रजेला आडनाव लावणे बंधनकारक झाले. तुर्कस्तानात १९३४ साली तसा कायदा झाला आणि मुस्तफा केमाल यांना त्यांच्या संसदेने ‘अतातुर्क’, म्हणजे तुर्कांचा पिता, हे आडनाव दिले. करवसुली, सैन्यभरती आणि शाळा यांसाठी सरकारला माणूस मोजायचा होता. घराण्याच्या अभिमानाची भर त्यात नंतर पडली.

सीमेवरचा यांचे उत्तर

वरील विवेचन उत्तम आहे, पण त्यातला मराठवाडा परभणी-लातूरवरच थांबतो. मी देगलूरकडचा असल्याने थोडी भर घालतो.

नांदेड जिल्ह्याच्या पूर्व भागात, म्हणजे देगलूर, बिलोली, धर्माबाद, किनवट या पट्ट्यात ‘वार’ आणि ‘वाड’ यांनी संपणारी आडनावे घरोघरी आढळतात. गादेवार, कोंडावार यांसारखी नावे ऐकून पश्चिमेकडील लोक त्यांचा संबंध सोमवार-मंगळवारशी लावून विनोद करतात. प्रत्यक्षात हा तेलुगू प्रत्यय आहे. तेलुगूत ‘वारु’ म्हणजे ‘ती मंडळी’, आदरार्थी अनेकवचन. ‘वाडु’ म्हणजे ‘तो’, एकेरी. घराण्याचे नाव घेऊन ‘अमक्यांच्या घरचे’ असे म्हणण्याची जी पद्धत होती तीच मराठी लिपीत आडनाव होऊन बसली. आमच्या भागात व्यापारी, सावकार घराण्यांच्या नावात बहुतांशी ‘वार’ दिसते आणि कष्टकरी जातींच्या नावात ‘वाड’. समाज कोणाला आदराने बोलावत होता आणि कोणाला एकेरीत, हे त्या एका अक्षरात राहून गेले आहे असे मला वाटते. गायकवाड या आडनावाला मात्र हा नियम लावू नये. ते वेगळे आहे.

तेलुगूत घराण्याच्या नावाला ‘इंटिपेरु’ म्हणतात आणि ते स्वतःच्या नावाच्या आधी येते. त्यामुळे सीमेपलीकडे आमच्या सोयऱ्यांच्या कागदांवर तेच आडनाव आरंभी असते आणि आमच्याकडे शेवटी. पासपोर्ट काढताना याचा त्रास किती होतो ते ज्याचे त्यालाच ठाऊक. उदगीर, निलंगा, उमरगा या बाजूला कन्नडचा असाच शेजार आहे; शिवलिंगप्पा, मल्लप्पा, बसप्पा या नावांतील ‘अप्पा’ म्हणजे कन्नडमधील वडील, आणि वीरशैव लिंगायत घरांत तो नावाचाच भाग असतो. अनोळखी माणसे त्याला मराठीतील प्रेमाची हाक समजून ‘अप्पासाहेब’ करून टाकतात.

दुधनाकाठ

आपण दोघांनी इतके सविस्तर लिहिलेत याबद्दल आभार. ‘विचारणारा वेगळा’ हे काकांना वाचून दाखवले. त्यांनी ते मान्य केले नाही, पण वंशावळीचे काम तूर्त थांबले आहे. भाचीच्या प्रश्नावरही कोणी लिहावे. तिचे म्हणणे असे की वडिलांचे नाव, आजोबांचे हुद्दे आणि पुरुषांची गावे या सगळ्यात आईचा पत्ता कुठे आहे?

मांजराकाठची यांचे उत्तर

आपल्या भाचीला माझा नमस्कार सांगावा, प्रश्न नेमका आहे. महाराष्ट्र शासनाच्या निर्णयानुसार १ मे २०२४ रोजी किंवा त्यानंतर जन्मलेल्या मुलांचे नाव शासकीय कागदपत्रांत बालकाचे नाव, आईचे नाव, वडिलांचे नाव आणि शेवटी आडनाव या क्रमाने लिहायचे आहे. अनेकांना ही नवलाई वाटते. परंतु ज्यांची राजधानी आपल्याच पैठणला होती त्या सातवाहनांमध्ये गौतमीपुत्र सातकर्णी, वासिष्ठीपुत्र पुळुमावी अशी नावे होती आणि त्यांत आईची ओळख आधी येते. ही रीत राजांपुरतीच नव्हती. कन्नड तालुक्यातील पितळखोरे येथील लेण्यांत दान देणाऱ्यांची नावे कोरलेली आहेत. त्यांत मगिल नावाचा राजवैद्य स्वतःला ‘वच्छीपुत्र’ म्हणवतो, पैठणचा मितदेव आपले कुल सुगंधी द्रव्यांच्या व्यापाऱ्याचे, म्हणजे गंधिकाचे, असल्याचे सांगतो, आणि तिथल्या यक्षाच्या मूर्तीवर ती घडवणाऱ्या कण्हदासाने आपण हिरण्यकार, म्हणजे सोनार, असल्याचे नोंदवले आहे. आई, गाव, कुल, धंदा ही आजच्या आडनावांची सगळी सामग्री दोन हजार वर्षांपूर्वी याच भूमीत खडकावर उतरलेली आहे. फक्त ती पिढ्यान्‌पिढ्या वाहून नेण्याची सक्ती तेव्हा नव्हती.

अर्थात यावरून सातवाहनांच्या काळी स्त्रियांचे राज्य होते असे समजू नये. सत्ता वडिलांकडून मुलाकडेच जात असे, आणि ‘गौतमी’ हेही आईचे स्वतःचे नाव नसून तिच्या गोत्राची खूण आहे. आईचे नाव लिहिले म्हणून तिला हक्क मिळाला असे तेव्हाही नव्हते आणि आताही नाही. शेताच्या सातबाऱ्यावर तिचे नाव लागले काय, हा प्रश्न शिल्लक राहतोच.

आडनावच नको म्हणणाऱ्यांसाठी आइसलँडचे उदाहरण आहे. तिथे आजही बहुतेकांना कौटुंबिक आडनाव नसते. मुलाच्या नावापुढे वडिलांचे नाव आणि ‘सोन’, मुलीच्या नावापुढे वडिलांचे नाव आणि ‘दोत्तिर’. १९८० साली राष्ट्राध्यक्ष म्हणून निवडून आलेल्या विग्दिस फिन्बोगादोत्तिर म्हणजे फिन्बोगी यांची कन्या विग्दिस. आपल्या ‘वल्द’चेच हे रूप, पण मुलीलाही तितक्याच जागेसह. आईच्या नावावरूनही तसे नाव घेता येते. टेलिफोनची यादीसुद्धा तिथे पहिल्या नावानुसार लावली जात असे. स्पेनमध्ये प्रत्येकाला दोन आडनावे असतात, एक वडिलांकडचे आणि एक आईकडचे.

आपल्याकडे स्त्रीच्या नावाची गोष्ट आडनावाहून बिकट आहे. लग्नात ताटातील तांदळावर अंगठीने नवे नाव लिहिण्याची प्रथा घराघरांत होती, त्यामुळे आजीचे माहेरचे नाव शोधायला गेले तर सासरच्या एकाही कागदावर ते सापडत नाही. माझ्या आजीला माहेरची माणसे ज्या नावाने हाक मारीत, ते नाव तिच्या नातवंडांपैकी कोणाला ठाऊकही नव्हते. ज्या घरात मुले जगत नसत तिथे दगडू, धोंडू, कचरू, उकंडा अशी नावे ठेवीत, म्हणजे दृष्ट लावणाऱ्याला किंवा सटवाईला ते मूल किमतीचे वाटू नये. मंगोलियातही याच भीतीपोटी ‘नेर्गुई’, म्हणजे बिननावाचा, किंवा ‘एनेबिश’, म्हणजे हा नव्हे, अशी नावे ठेवलेली आढळतात. मुलासाठी असे नाव ठेवण्यात माया होती. मुलींच्या वाट्याला आलेले ‘नकुशी’ मात्र तसे नाही. ते दृष्ट टाळण्यासाठी नव्हते. जे वाटत होते तेच त्यात बोलून दाखवलेले होते.

बालाघाट यांचे उत्तर

काकांच्या वंशावळीविषयी दोन शब्द. जाधव म्हणजे देवगिरीचे यादव, सोळंके म्हणजे चालुक्य, मोरे म्हणजे मौर्य, शेलार म्हणजे शिलाहार, कदम म्हणजे कदंब, ही मांडणी सर्वत्र ऐकू येते. आमच्या माजलगाव बाजूला सोळंके आणि पश्चिम महाराष्ट्रात साळुंखे, हे एकाच नावाचे दोन उच्चार मानले जातात. ध्वनीच्या दृष्टीने यांतील बऱ्याच जोड्या पटण्यासारख्या आहेत. परंतु शब्दाचे मूळ आणि माणसाचे मूळ या दोन गोष्टी वेगळ्या आहेत. पवार, चव्हाण, राठोड, जाधव ही नावे बंजारा तांड्यांवरही आहेत. शिंदे, गायकवाड, पवार ही मराठ्यांत आहेत आणि दलित समाजातही आहेत. राजाच्या पदरी असलेले, त्याच्या गावात राहणारे, त्याचे कुलनाव आपलेसे करणारे असे कितीतरी लोक त्या नावाखाली आले असतील. एका शब्दावरून राजवंशापर्यंत उडी मारणे हा करमणुकीचा विषय आहे. पुरावा म्हणून तो तलाठ्याकडेही चालणार नाही.

गावोगावच्या मठांत आणि शेतवस्त्यांवर आढळणारी गिरी, पुरी, भारती, बन ही गोसावी समाजातील आडनावेही पाहावीत. ही दशनामी संन्याशांच्या दहा नावांपैकी आहेत. ‘बन’ म्हणजे त्यांतले ‘वन’. ज्याने घर, गोत्र आणि नाव सोडले त्याची ही खूण होती, आणि पुढे घरबारी झालेल्यांनी तीच वारशाने मुलांना दिली. हैदराबाद मुक्तिसंग्रामाचे नेते स्वामी रामानंद तीर्थ यांचे पूर्वाश्रमीचे नाव व्यंकटेश खेडगीकर. त्यांनी गावाचे आडनाव टाकून ‘तीर्थ’ हे त्याच दहांपैकी एक नाव घेतले. त्यांचे सहकारी गोविंदभाई श्रॉफ यांच्या आडनावात पैशांची पारख करणारा अरबी ‘सर्राफ’ इंग्रजी स्पेलिंगचा वेश घालून बसला आहे. सराफा बाजारातला शब्द तोच.

जुनी दप्तरे

दुधनाकाठ, आपल्या कागदांसंबंधी काही व्यावहारिक सूचना राहिल्या होत्या. उर्दू लिपीत ‘ळ’ आणि ‘ण’ यांसाठी स्वतंत्र अक्षरे नाहीत आणि ऱ्हस्व स्वर सहसा लिहिले जात नाहीत. त्यामुळे काळे आणि काले यांत तिथे फरक दिसत नाही. कुणबी नोंदींच्या शोधामुळे गेल्या काही वर्षांत ही दप्तरे पुष्कळ लोकांच्या हाती आली आहेत आणि वाचनातील अशा घोळामुळे एकाच घराची दोन आडनावे झाल्याची उदाहरणेही पाहायला मिळतात. तेव्हा आपले विक्रीखत उर्दू जाणणाऱ्या आणि त्या भागातील गावांची नावे ठाऊक असलेल्या माणसाकडून वाचून घ्यावे. नुसती भाषा येऊन भागत नाही. गावांची जुनी नावेही तपासावीत. निजामकाळातील कागदात ‘मोमिनाबाद’ दिसले तर ते अंबाजोगाई समजावे.

मुस्लिम शेजाऱ्यांच्या सह्या साक्षीदार म्हणून असतील तर त्यांच्या नावांचा क्रमही लक्षात घ्यावा. आपल्याकडे ‘शेख रहीम शेख करीम’ असे लिहितात. त्यात शेख आधी येतो आणि वडिलांच्या नावाआधीही पुन्हा येतो. संगणकावर भरताना त्यातील कोणता शब्द आडनावाच्या रकान्यात जाईल याचा भरवसा नसतो, म्हणून केवळ आडनावावरून शोध घेतल्यास तो साक्षीदार सापडणार नाही. शिवाय इनामदार, काझी, देशमुख, पाटील ही पदनामे दोन्ही धर्मांत आहेत हे विसरू नये.

वाटणीसाठी तीन आडनावे एक करण्याची गरज नाही. पटवारी, देशपांडे आणि जिंतूरकर ही एकाच घराण्याची नावे आहेत असे प्रतिज्ञापत्र, त्यासोबत वंशावळ, निर्गम उतारा आणि गट क्रमांकासह जुने-नवे उतारे जोडले तर पुढचे काम बरेच सोपे होते. वंशावळीत मात्र राजे घालू नयेत. पणजोबांपासून सुरुवात करावी आणि त्यांच्या लेकी-सुनांची नावे, माहेरच्या नावांसह, जितकी मिळतील तितकी लिहावीत. वारसाहक्कात त्यांचा प्रश्न निघतोच, आणि तेव्हा कागदावर ती नावे नसतात.